घटबुड पोथी: दोन चंद्रांच्या पंचांगापासून रंगमंचावरच्या पोथीपर्यंत (प्रकल्प नोंदी)

गोव्याच्या कला अकादमीच्या मराठी नाट्यस्पर्धेत उतरायच्या एका नाटकासाठी ही पोथी तयार केली. नाटक ‘निरवेळ’ नावाच्या काल्पनिक जगात घडतं. तिथली समजूत अशी की काळ म्हणजे तळीत सोडलेली तांब्याची वाटी. ती एकदाच सोडली आणि तेव्हापासून हळूहळू बुडते आहे. वाटी कुठवर बुडाली आणि पुढे काय होणार, हे सांगणारा ग्रंथ म्हणजे ‘घटबुड’. पोथी जवळून दिसणार, पात्रं ती उघडून वाचणार आणि एका प्रसंगात तिचं एक पान प्रेक्षकांसमोर लाल होणार, एवढी मागणी होती. गोव्यात, तेही पावसाळ्यात, असलं काही करायला घेणाऱ्यांना या नोंदींचा उपयोग होईल.

५ जून: आधी पंचांग

ओव्या नंतर लिहायच्या, पंचांग आधी. भाकितांचा ग्रंथ वाचणारा माणूस पहिल्यांदा तारखा ताडून पाहतो आणि एक तारीख चुकली की उरलेल्या शंभर ओव्यांवरचा त्याचा विश्वास उडतो.

आपल्या खऱ्या पंचांगाचा डोलारा एका न जुळणाऱ्या हिशेबावर उभा आहे. चांद्रमास २९.५३ दिवसांचा, म्हणून बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस आणि थोडे वर. सौरवर्ष ३६५ दिवसांहून जरा मोठं. दरवर्षी जवळजवळ ११ दिवस मागे पडतात, म्हणून साधारण साडेबत्तीस महिन्यांनी अधिक महिना घालावा लागतो. असा फरक काल्पनिक पंचांगातही हवा. सगळे आकडे बरोबर बसले तर ते शाळेच्या वेळापत्रकासारखं दिसतं आणि भाकिताला जागाच उरत नाही.

ठरवलेली मापं: वर्ष ३६० दिवसांचं, महिने बारा, प्रत्येक ३० दिवसांचा आणि पुनवेला सुरू होणारा. चंद्र दोन. थोरलीचा फेरा ३० दिवसांचा. धाकलीचा ढोबळ फेरा २२ दिवसांचा. दोघी एकाच रात्री पूर्ण असल्या की ‘जोडपुनव’, ती ३३० दिवसांनी येते. ११ वर्षांचे ३,९६० दिवस होतात आणि तेवढ्यात १२ जोडपुनवा पडतात. दर वेळी ती एक महिना अलीकडे सरकते. पहिली पहिल्या वर्षाच्या पहिल्या महिन्यात, दुसरी त्याच वर्षाच्या बाराव्यात, तिसरी पुढच्या वर्षाच्या अकराव्यात, चौथी त्यापुढच्या वर्षी दहाव्यात. बारा जोडपुनवा म्हणून बारा अध्याय.

९ जून: फरक घातला

दिवसाच्या ६० घटिका आणि घटिकेची ६० पळं, ही मापं आपलीच ठेवली. घटिका २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचं, दिवसाची ३,६०० पळं. धाकलीच्या फेऱ्यातून २० पळं काढली, म्हणजे तिचा फेरा २१ दिवस ५९ घटिका ४० पळांचा झाला, एकूण ७९,१८० पळं. ११ वर्षांत तिचे १८० फेरे होतात. १८० गुणिले २० म्हणजे ३,६०० पळं, बरोबर एक दिवस. दर ११ वर्षांनी धाकली एक दिवस पुढे निघते.

नाटकाला हवा तो धागा इथे मिळाला. अकरा वेळा अकरा वर्षं, म्हणजे १२१ वर्षं झाली की धाकली ११ दिवसांनी पुढे गेलेली असते. वर्षारंभाला थोरली पूर्ण आणि धाकली अमावास्येची. नाटकात त्या दिवशी होणाऱ्या राज्याभिषेकाला जमलेल्या लोकांना जोडपुनव दिसत नाही, एकटी थोरली दिसते. २४२ वर्षांनी दोघी पुन्हा वर्षारंभाला एकत्र येतात, पण तेव्हाही २० पळांचं अंतर उरतं. वाटी कधीच नेमकी त्याच जागी येत नाही, हा ग्रंथाचा सिद्धांत आकड्यांतूनच निघाला. वरून चिकटवावा लागला नाही.

स्प्रेडशीटमध्ये ताडायची रीत सोपी आहे. पहिल्या रकान्यात शून्यापासून दिवस. दुसऱ्यात दिवस भागिले ३० ची बाकी. तिसऱ्यात दिवस गुणिले ३,६००, भागिले ७९,१८०, आणि त्याची बाकी. दुसरा रकाना शून्य आणि तिसरा ३,६०० च्या आत असेल ती जोडपुनव. पहिल्या ११ वर्षांत अशा बाराच ओळी सापडल्या पाहिजेत. कमी-जास्त निघाल्या तर दिवस १ पासून मोजले गेलेत असं समजावं. सुरुवात शून्यानेच हवी.

संहितेचा पहिला खर्डा या तक्त्याशी ताडल्यावर तिसऱ्या जोडपुनवेचं भाकीत अडकलं. खर्ड्यात ते चौथ्या महिन्यात, भर पावसात घडत होतं आणि त्यात पूर होता. तक्त्याप्रमाणे तिसरी जोडपुनव अकराव्या महिन्यात येते आणि निरवेळमध्ये तो उन्हाळा. तक्ता वाकवला असता तर बाराही जोडपुनवा हलल्या असत्या, म्हणून पूर काढून वणवा घातला. दोन पात्रांचे संवाद बदलले, प्रकाशयोजनाही बदलली. हे काम जूनमध्ये झालं म्हणून निभावलं, तालमी उभ्या राहिल्यावर झालं नसतं.

१७ जून: ओव्या

छंद ओवीचाच ठेवला. गोव्याच्या कानाला ओवी परकी नाही. जात्यावरची ओवी तर आहेच, पण राशोलला १६१६ साली छापलेलं फादर स्टीफन्सचं ख्रिस्तपुराणही ओवीतच आहे. तीन चरणांना यमक, चौथा आखूड आणि बिनयमकाचा. भाकिताला हा आखूड चरण फार उपयोगी पडतो. वाक्य तिथे अचानक थांबतं आणि ऐकणारा पुढचं स्वतः भरतो.

पहिल्या खर्ड्यात चौथा चरणही लांबला होता. वाचताना नटाला थांबायला जागा मिळेना आणि ओवी भावगीतासारखी ऐकू येऊ लागली. नियम केला: चौथ्या चरणात सहा अक्षरांपलीकडे जायचं नाही.

एक थोरली एक धाकली । दोघींनी रात उजळिली ।
वाटी जळावरी सोडिली । कोणे हातें ॥

नाटकाचा कणा असलेली ही ओवी:

अकरा वेळां अकरा भरतां । थोरली एकली उगवतां ।
मुकुट कोणाचिया माथां । पुसूं नये ॥

आणि २४२ वर्षांनी, म्हणजे अकरा वर्षांचे बावीस फेरे भरल्यावर होणाऱ्या शेवटच्या मेळाची ही:

बावीस भरतां फेरे । दोघी येती एके दारें ।
वीस पळांचें अंतर उरे । तेंचि द्वार ॥

एकूण १०८ ओव्या, अध्यायाला नऊ. पहिल्या चार अध्यायांतली भाकितं नाटक सुरू होण्यापूर्वीच खरी ठरलेली, पाचव्यापासून नवव्यापर्यंतची १२१ व्या वर्षापर्यंतची, दहावा-अकरावा त्यापुढचा. बाराव्याला फेऱ्याचा आकडाच दिलेला नाही. खरी ठरलेली भाकितं थोडी बाजूला घसरलेली ठेवली. म्हटलं होतं ‘नदी गावात येईल’, आली नदीकाठची माणसं. हुबेहूब खरी ठरणारी भाकितं ऐकताना ती घटनेनंतर लिहिल्याचा वास येतो.

भाषेची चाळणी वेगळी केली. तारीख, हजार, हुकूम, जमीन, अखेर हे शब्द फारसी-अरबीतून आलेले, ते काढले. निरवेळला कधी कोणाची स्वारी झालेली नाही. सहस्र, आज्ञा, भूमी घातले. चैत्र-वैशाखही नकोत, महिन्यांना क्रमांकच. जुनी रूपं धरली तर सगळीकडे धरावीत. एका ओवीत ‘जळीं’ आणि पुढच्या ओवीत ‘पाण्यात’ असं आलं की कान लगेच अडखळतो.

२६ जून: कागद आणि चहा

सुती हातकागद, १५० जीएसएम (म्हणजे चौरस मीटरला १५० ग्रॅम वजनाचा), ताव २२ बाय ३० इंचाचा. पानाचं माप ११ बाय ५ इंच, म्हणजे एका तावातून १२ पानं. पोथी ७२ पानांची, सहा ताव. आठ ताव आणले, तावाला ६० रुपये.

कागद जुना दिसण्यासाठी चहा. ५ लिटर पाण्यात १०० ग्रॅम चहापूड दहा मिनिटं उकळून दुपदरी कापडातून गाळली. एकपदरी कापडातून बारीक चुरा जातो आणि प्रत्येक कणाभोवती तपकिरी ठिपका पडतो. प्लास्टिकच्या ट्रेमध्ये ताव पाच मिनिटं बुडवून काढले.

पहिले दोन ताव तपकिरी होण्याऐवजी राखाडी झाले आणि त्यांच्यावर काळे ठिपके उठले. पाणी विहिरीचं होतं. इथल्या जांभ्या दगडाच्या विहिरींच्या पाण्यात बऱ्याचदा लोह उतरलेलं असतं. चहातलं टॅनिन लोहाशी मिळून काळं होतं. हिरडा आणि हिराकस (लोहाचा क्षार) यांची जुनी शाई याच गुणावर बनत असे. वाळत घालायच्या तारेवरचा गंजही तेच करतो. उपाय: फिल्टरचं पाणी, नायलॉनची दोरी, प्लास्टिकचे चिमटे, लोखंड कुठेच नको. विहिरीच्या पाण्याची परीक्षा घ्यायची तर त्यात कोरा चहा करून रात्रभर ठेवावा. सकाळी तो काळपट दिसला तर ते पाणी कागदाला वापरू नये.

८ जुलै: खळ, बुरशी, घोटणी

कच्च्या हातकागदावर शाई फुटते. म्हणून खळ देऊन कागद घोटून घ्यावा लागतो. उकड्या तांदळाची पेज गाळून लावून पाहिली. ती गुठळ्या धरते आणि वाळल्यावर कागद खवल्यांसारखा चकाकतो. तांदळाच्या पिठाची खळ बरी: लिटरभर पाण्यात ५० ग्रॅम पीठ, सतत ढवळत शिजवून गाळलेली, त्यात ५ ग्रॅम तुरटी. रुंद ब्रशने एका बाजूला लावायची, वाळली की दुसऱ्या बाजूला.

अडचण वाळण्याची. जुलैत पडवीत टांगलेले ताव तिसऱ्या दिवशीही ओलसरच होते. दोन तावांवर हिरवट बुरशी आली आणि ते फेकावे लागले. बुरशी पुसली तरी डाग राहतो आणि शेजारचं पान धरतं. खळीत चिमूटभर मोरचूद घातल्यावर हा त्रास थांबला. बाइंडर पूर्वीपासून मोरचूद घालतात ते याचसाठी. मोरचूद विषारी आहे, हातमोजे घालूनच काम करावं आणि स्वयंपाकाची भांडी वापरू नयेत. त्याच्या जोडीला बंद खोलीत पंखा आणि दोन साधे ६० वॅटचे पिवळे दिवे लावले. एलईडी दिव्यांची ऊब यासाठी पुरत नाही. दिवे लावल्यावर ताव एका रात्रीत वाळू लागले. वाया गेलेल्यांच्या जागी आणखी चार ताव आणले, कागदाचा खर्च ७२० रुपयांवर गेला.

घोटणी मोठ्या कवडीने. गुळगुळीत फळीवर ताव ठेवून एकाच दिशेने, मग आडवी. कागद अगदी कोरडा झाला की कवडी ओरखडे काढते, ओला असेल तर लव उठते. गालाला लावल्यावर किंचित गार लागतो तेव्हा घोटायला घ्यावा. घोटून झाल्यावर मगच पट्टीला दाबून पानं फाडली. कात्रीची सरळ कड पोथीला शोभत नाही.

२० जुलै: शाई आणि लेखन

शाई काजळी आणि बाभळीच्या डिंकाची. काजळी पाण्यावर तरंगते, भिजत नाही. तिला आधी थोड्या स्पिरिटमध्ये कालवून मग डिंकाच्या पाण्यात खलावी आणि भरपूर खलावी. खलणी कमी झाली की बोरूच्या टोकाशी कण अडकतात.

जुन्या रीतीप्रमाणे काजळीच्या दुप्पट डिंक घेतला होता. कोरड्या प्रदेशात हे प्रमाण चालत असेल, इथे नाही. डिंक हवेतला ओलावा ओढतो, अक्षरं चिकट राहिली आणि एकावर एक ठेवलेली पानं सुटताना अक्षरांचे टवके निघाले. डिंक काजळीइतकाच, वजनाला वजन, केल्यावर चिकटणं थांबलं. त्याहून कमी केला तर काजळी बोटाला लागते. परीक्षा: दुसऱ्या दिवशी कोरड्या बोटाने दाबून चोळावं, बोट स्वच्छ राहिलं पाहिजे.

बोरूचं टोक ३ मिमी. बाजारातलं रोमन अक्षरांचं कॅलिग्राफी पेन इथे उपयोगाचं नाही. देवनागरीचे जाड-बारीक फटकारे उलट तिरके पडतात, कापही उलटा लागतो. एका बाजूला तीन ओव्या, प्रत्येक ओवी दोन ओळींत, दोन ओळींत १४ मिमी अंतर. ओळी आखण्यासाठी फळीवर दोरे ताणून पान त्यावर दाबलं. दोऱ्यांचा ठसा उठतो, पेन्सिल खोडायला लागत नाही.

पोथीचं पान वरच्या बाजूला पलटतं, पुस्तकासारखं डावीकडे नाही. म्हणून मागची बाजू लिहिताना पान वर-खाली फिरवून लिहायचं. डावी-उजवीकडे फिरवलं तर वाचताना मागची बाजू उलटी येते. पत्रांक मागच्या बाजूला, समासात.

ओव्यांची १८ पानं आणि पंचांगाच्या तक्त्यांची ६, अशी २४ पानंच लिहिली. बाकी पानांवर फक्त तांबड्या समासरेघा. एका प्रसंगात पोथी मधोमध उघडली जाते, म्हणून तक्त्यांची पानं ३६ व्या पानापासून लावली. तांबड्या रेघांना काव वापरली, इथल्या जुन्या देवळांच्या भिंतींवरच्या कावी कामात असते तीच. कावेतही लोहच आहे, पण ते पाण्यात विरघळत नाही, त्यामुळे चहाच्या रंगावर डाग पडत नाहीत. काव वस्त्रगाळ करून डिंकाच्या पातळ पाण्यात कालवावी.

६ ऑगस्ट: फळ्या आणि बासन

फळ्या फणसाच्या, साडेअकरा बाय साडेपाच इंच, ८ मिमी जाडीच्या. मेस्तांनी (सुतारांनी) नव्या लाकडाला आधीच नकार दिला होता. तरी स्वस्त म्हणून एक जोडी करून घेतली आणि दोन आठवड्यांत वरची फळी वाटीसारखी वळली. जुन्या खिडकीच्या मुरलेल्या फणसाची दुसरी जोडी सरळ राहिली. दोन्ही जोड्यांचे मिळून ८०० रुपये गेले. यात वाचवण्यासारखे चारशे होते.

बासनाचं लाल कापड धुऊन घेतल्याशिवाय पोथीला गुंडाळू नये. दमट हवेत कोरं लाल कापड कागदाच्या कडांवर गुलाबी रंग सोडतं. पाणी स्वच्छ निघेपर्यंत धुवावं, मग ओल्या पांढऱ्या रुमालाने घासून पाहावं.

१९ सप्टेंबर: लाल होणारी थोरली

चवथीनंतर काम पुन्हा सुरू. १२१ व्या वर्षाच्या पानावर थोरलीचं वर्तुळ आहे. राजाने हात फिरवला की ते रक्तासारखं लाल व्हायला हवं. हळद आणि चुना एकत्र आले की लाल होतात, त्यातून ही युक्ती घेतली. वर्तुळ हळदीच्या अर्काने काढलं, १० सेंटिमीटर व्यासाचं, कारण त्याहून लहान असलं तर मागच्या रांगांना दिसत नाही.

हळदीचा रंग पाण्यात नीट उतरत नाही. फेणीत काढलेला अर्क फिका आला. सर्जिकल स्पिरिटमध्ये, १०० मिलीला १५ ग्रॅम हळद रात्रभर ठेवून गाळल्यावर रंग भरपूर उतरला. खाण्याच्या सोड्याच्या पाण्याने वर्तुळ जेमतेम नारिंगी होतं. धुण्याचा सोडा, १०० मिली पाण्यात एक सपाट चमचा, लावल्यावर क्षणात लाल होतं. नटाने या सोड्याच्या पाण्यात भिजवलेला स्पंज फळीच्या कडेला लपवलेला असतो, तो तळव्याला दाबायचा. प्रवेश संपताच हात धुवावा आणि तोवर डोळ्यांना लावू नये.

चहात रंगवलेल्या, तुरटी दिलेल्या पानावर हे फसलं. चहा आणि तुरटी दोन्ही आम्लधर्मी, सोडा त्यांच्याशीच खर्ची पडतो आणि लाल रंग मळकट येतो. म्हणून या पानाला चहा नाही आणि खळही नाही. बाकीच्या पानांशी रंग जुळवायला कावेचं अगदी पातळ पाणी फिरवलं. प्रयोगाला एक पान लागतं, उरलेल्या दोन तावांतून अशी २४ पानं केली. हळद उजेडात उडते, म्हणून ती पानं काळ्या कागदात गुंडाळून ठेवावीत आणि वर्तुळ प्रयोगाच्या आदल्या दिवशीच काढावं.

२ ऑक्टोबर: वाटी

प्रसंगात पोथीशेजारी वाटी खरोखर बुडते. घटिकेची खरी २४ मिनिटं रंगमंचावर परवडत नाहीत, तीन मिनिटं हवी होती. १२ सेंटिमीटर व्यासाच्या तांब्याच्या वाटीला १ मिमीचं भोक पाडल्यावर वीसेक मिनिटं लागली. वेळ भोकाच्या क्षेत्रफळाच्या उलट प्रमाणात बदलतो. अडीच मिमीचं भोक सव्वासहा पट मोठं, त्यामुळे वेळ तीन मिनिटांच्या थोडा वर आला. भोक नेमकं मधे हवं, नाहीतर वाटी कलंडून एकदम बुडते. आतल्या कडेचा बुरा कानशीने काढल्याशिवाय वेळ दर वेळी वेगळा येतो. उरलेले सेकंद वाटीच्या तळाला मेण आणि नाणं चिकटवून जमवले, वजन वाढलं की ती लवकर भरते.

११ ऑक्टोबर: रंगीत तालमीनंतर

दिव्यांखाली काळी अक्षरं चकाकत नाहीत, डिंक कमी केल्याचा हाही फायदा. तांबड्या समासरेघा पाचव्या-सहाव्या रांगेपर्यंत दिसतात. वरच्या फळीची दोरी वाचताना पानांखाली अडकत होती, ती काढली आणि फळ्या सुट्या ठेवल्या. बासनाच्या घड्या आता पात्राला न बघता उलगडता येतात: आधी उजवी, मग डावी, शेवटी वरची.

राहिलेलं काम: तक्त्याच्या चौथ्या पानावर सातव्या जोडपुनवेचा महिना आठवा लिहिला गेला आहे, तो सातवा हवा. खरवडून काढायचा, त्या जागी थोडी खळ लावून पुन्हा घोटायचं आणि मग लिहायचं. खरवडलेल्या जागी खळ न लावता लिहिलं तर शाई फुटते.